मिरर डिंगी घरी बांधताना: कामाचा क्रम, तपासण्या आणि नेहमीच्या चुका

मिरर डिंगी ही प्लायची, दोघांनी चालवायची छोटी शिडाची होडी. तिचं किट घेऊन गॅरेजमध्ये होडी बांधणाऱ्या कुटुंबांच्या चुका मोजक्या असतात आणि पुन्हा पुन्हा त्याच होतात. सुतारकाम कच्चं होतं म्हणून होडी वाया गेली, असं क्वचितच घडतं. सांगाड्यातला पीळ न पाहता शिवणी (पॅनेलांमधले जोड) भरल्या जातात. आतून कोट द्यायच्या आधीच होडी तरंगती ठेवणारी हवेची टाकी बंद होते. डेक बसल्यावर आठवतं की शिडाच्या दोरीच्या क्लीटखाली (दोरी अडकवायच्या पकडीखाली) लाकडाचा ठोकळा लावायचा राहिला. इपॉक्सी (दोन घटक मिसळून घट्ट होणारा गोंद) घट्ट होईपर्यंत या होडीतली जवळपास प्रत्येक गोष्ट परत करता येते आणि घट्ट झाल्यावर करवत हातात घ्यावी लागते. त्यामुळे या लेखात जोडकामापेक्षा जोडण्याआधीच्या थांब्यांवर जास्त वेळ घालवला आहे.

मापं आधी लक्षात घ्या: लांबी ३.३० मीटर, रुंदी १.३९ मीटर, हलचं (नुसत्या होडीच्या अंगाचं) किमान वजन ४५.५ किलो, मुख्य शीड आणि जिब (पुढचं छोटं शीड) मिळून सुमारे ६.५ चौरस मीटर. नाळ, म्हणजे होडीचं पुढचं टोक, टोकदार नाही. पुढेही मागच्यासारखीच सपाट फळी, म्हणजे ट्रान्सम आहे. मिररचे ताफे मुख्यतः ब्रिटन, आयर्लंड आणि ऑस्ट्रेलियात आहेत, त्यामुळे शर्यतीचा भाग तिथल्या मराठी कुटुंबांना थेट लागू पडेल. बांधणीचे टप्पे मात्र प्लाय तारेने शिवून इपॉक्सीने चिकटवायच्या कुठल्याही छोट्या होडीला चालतात. महाराष्ट्रात असं काम करणाऱ्यांसाठी हवामानाच्या सूचना जागोजागी दिल्या आहेत.

## १. काम सुरू करण्याआधी

नियम आधी वाचा. ही एका वर्गाची होडी आहे, म्हणजे शर्यतीतल्या सगळ्या मिरर एकाच नियमांत बसाव्या लागतात. कोणाचं किट चालतं, डॅगरबोर्डची (तळातून पाण्यात सरकवायच्या फळीची) धार किती घासायची, गनेलची (बाजूच्या वरच्या कडेची) पट्टी किती जाड ठेवायची, हे सगळं वर्गनियमांत दिलेलं असतं. वर्गसंघटनेकडून चालू नियम मागवा आणि मोजमापाची पानं छापून भिंतीवर लावा. स्वतःच्या मनाने केलेली सुधारणा शेवटी मोजणी अधिकाऱ्यासमोर अडकते.

अर्धवट किट. कोणाच्या तरी पोटमाळ्यावर वर्षानुवर्षं पडलेलं किट स्वस्तात मिळतं आणि बरेचदा घेण्यासारखंही असतं. त्यातली डब्यातली रेझिन आणि हार्डनर (गोंदाचे दोन घटक) टाकून द्या. प्लायच्या प्रत्येक कडेवर नखाने दाबून थर सुटले आहेत का ते पाहा. जुन्या किटमध्ये पॉलिएस्टर रेझिन असायची. कोणी त्यातून निम्मं काम केलं असेल, तर घासलेल्या पॉलिएस्टरवर इपॉक्सी बसते. घट्ट झालेल्या इपॉक्सीवर पॉलिएस्टर मात्र नीट धरत नाही. एकदा इपॉक्सीवर आलात की शेवटपर्यंत इपॉक्सीच वापरा.

एखादा भाग नव्याने कापायचा असेल तर ब्रिटनमध्ये बीएस १०८८ आणि भारतात आयएस ७१० शिक्क्याचा प्लाय घ्या. दुकानात नुसतं ‘मरीन’ म्हटल्यावर जे पुढे येतं त्यावर विसंबू नका, शीटवरचा शिक्का बघा. शंका वाटली तर छोटा तुकडा कापून काही तास पाण्यात उकळा. थर सुटला तर तो प्लाय घरातल्या कपाटाला वापरा.

जागा. पाच मीटर बाय तीन मीटर लागते. गॅरेजच्या जमिनीला पाणी बाहेर जावं म्हणून उतार दिलेला असतो, तेव्हा जमीन सपाट धरून चालू नका. दोन सुतारी घोड्या करा आणि खाली पाचरी मारून लेव्हलबाटलीने दोन्ही एका पातळीत आणा. इथे गेलेला अर्धा दिवस तिसऱ्या टप्प्यात भरून निघतो.

हवा. इपॉक्सीला साधारण १५ अंशांपेक्षा जास्त तापमान आणि कोरडी हवा लागते. ब्रिटनच्या हिवाळ्यात गॅस किंवा रॉकेलचा हीटर लावू नका, कारण त्यातून पाण्याची वाफ आणि कार्बन डायऑक्साइड निघतो आणि इपॉक्सीवर मेणचट थर येतो. विजेचा हीटर चालतो. कोकणात आणि मुंबईत जून ते सप्टेंबर कोटिंगचं काम ठेवूच नका. त्या दिवसांत डोलकाठी घासा, सुकाणू घडवा, ब्लॉक (कप्प्या) आणि दोऱ्या जमवा.

सावधान: इपॉक्सीची ॲलर्जी एकदा जडली की सहसा जात नाही. हातमोजे पहिल्या दिवसापासून घाला. हातावर लागलेली इपॉक्सी थिनरने पुसू नका, थिनर तिला कातडीत आणखी मुरवतो. साबण किंवा हात धुण्याची पेस्ट वापरा. घासकाम करताना धुळीचा मास्क लावा, आणि मुलं मदतीला असतील तर त्यांना घासकाम देऊच नका.

## २. पॅनेल जोडणं

होडी प्लायच्या शीटपेक्षा लांब आहे, त्यामुळे तळाची आणि बाजूची पॅनेलं पुढचा-मागचा अशा दोन तुकड्यांत येतात. ती आतून पट्टी लावून जोडायची असतात.

इथली ठरलेली चूक म्हणजे दोन्ही पॅनेलं एकाच बाजूची होणं. डावं जोडून झालं की तोच मांडणीचा क्रम ठेवून दुसरं जोडलं जातं, आणि हातात दोन डावी पॅनेलं येतात. त्यातल्या एकाची पट्टी बाहेरच्या अंगाला असते. म्हणून गोंद काढण्याआधी चारही जोड्या जमिनीवर जिथे बसणार तशा मांडा. प्रत्येक तुकड्यावर पेन्सिलने तीन गोष्टी लिहा: डावं की उजवं, आत की बाहेर, नाळ कुठे. नंतर डाव्या-उजव्याची तोंडं एकमेकांकडे करून जोडी जुळवा.

जोडताना पॅनेलची लांब कड एका रेषेत राहायला हवी. दोन टोकांमध्ये सुतळी ताणली की आराखड्यातली वळणरेषा जोडावर मोडते का ते दिसतं. जोडाखाली प्लास्टिकचा कागद घाला, वर वजन ठेवा. क्लॅम्प जीव खाऊन आवळू नका, सगळी इपॉक्सी बाहेर येऊन जोड कोरडा राहतो.

इपॉक्सी मिसळताना प्रमाण वजनी आहे की मापी हे डब्यावर बघा, दोन्ही आकडे वेगळे असतात. स्वयंपाकघरातला डिजिटल काटा (नंतर स्वयंपाकघरात परत न नेण्याच्या बोलीवर) उत्तम. एका वेळी १०० ते १५० ग्रॅमच करा. मोठ्या कपात केलेलं मिश्रण स्वतःच तापून धुरायला लागतं. कडा आणि तळ खरवडत दोन मिनिटं ढवळा. कोकणात फायबरच्या मासेमारी होड्यांवर काम केलेला कारागीर मदतीला आला, तर त्याला एवढं एक आधीच सांगा: पॉलिएस्टरमध्ये हवेप्रमाणे हार्डनर कमी-जास्त करतात, तसं इपॉक्सीत चालत नाही. जास्त हार्डनरने ती लवकर वाळत नाही, कायमची मऊ राहते. वेग बदलायचा तर हार्डनरचा प्रकार बदला, उन्हाळ्यात संथ आणि थंडीत जलद.

## ३. टाके घालणं आणि पीळ काढणं

सगळ्या बांधणीत हाच टप्पा महत्त्वाचा आणि याच टप्प्याला सर्वात कमी वेळ दिला जातो. होडी दुपारभरात उभी राहते, घरचे फोटो काढतात, आणि त्याच संध्याकाळी शिवणी भरायचा मोह होतो.

भोकं. कडेपासून साधारण ८ मिलिमीटर आत, १० ते १५ सेंटिमीटर अंतरावर. नाळेकडे वळण तीव्र आहे, तिथे जवळजवळ घ्या. प्लाय जवळपास ५ मिलिमीटरचाच असतो. भोक कडेला आलं तर तार आवळताना कड फाटते. समोरासमोरची पॅनेलं एकावर एक ठेवून एकदम भोकं पाडली तर टाके आपोआप जुळतात.

क्रम. तळाची दोन पॅनेलं आतली अंगं समोरासमोर करून ठेवा आणि मधल्या शिवणीवर तांब्याच्या तारेने सैल टाके घाला. मग ती पुस्तकासारखी उघडा. नंतर बाजूची पॅनेलं, मग मागचा ट्रान्सम, शेवटी पुढचा. तारेचा पीळ बाहेरच्या अंगाला ठेवा. तो आत आला तर फिलेट (शिवणीच्या कोपऱ्यात भरायचा पेस्टचा गोलसर थर) भरताना हातमोजे फाटतात आणि त्यावरची फायबरग्लास टेप नीट बसत नाही.

सगळे टाके पडेपर्यंत एकही आवळू नका. एका टोकाकडून आवळत गेलात तर सगळी चूक दुसऱ्या टोकाला गोळा होते आणि ट्रान्सम बसत नाही. मधून सुरुवात करून दोन्हीकडे जा, आणि एका फेरीत घट्ट न करता दोन-तीन फेऱ्या घ्या. पक्कडीने तार आधी ओढा, मग पिळा. नुसती पिळत राहिलात तर ती तुटते. कडांची आतली कोपरं टेकली की पुरे. एक कड दुसरीवर चढली असेल तर तो टाका सैल करून पटाशीच्या बोथट बाजूने कड खाली सरकवा.

आता बल्कहेड (होडीतल्या आडव्या भिंती) गोंद न लावता जागेवर बसवा. सांगाड्याला खरा आकार तेच देतात. बल्कहेड घट्ट बसत असेल तर लगेच घासायला घेऊ नका, आधी शेजारचे टाके बघा. बहुतेक वेळा एखादा टाका जास्त आवळलेला असतो.

तपासणी, एक: पीळ. दोन सरळ पट्ट्या घ्या, दोघींच्या कडा एकसारख्या सरळ असल्याची खात्री करा. एक नाळेकडे आणि एक मागे, दोन्ही गनेलवर आडव्या ठेवा. होडीच्या मागे दोन मीटरवर उकिडवे बसून एक डोळा मिटून पाहा. जवळच्या पट्टीच्या वरच्या कडेला लांबच्या पट्टीची कड समांतर दिसली पाहिजे. एका बाजूला फट दिसली तर होडीत पीळ आहे. खालच्या कोपऱ्याला पाचर घाला, समोरच्या कोपऱ्यावर वजन ठेवा, पुन्हा बघा. पीळ हट्टी असेल तर तिरपी दोरी बांधून ताण द्या. इपॉक्सी घट्ट होईपर्यंत ती तशीच राहू द्या.

तपासणी, दोन: मध्यरेषा. पुढच्या ट्रान्समच्या मध्यापासून मागच्या ट्रान्समच्या मध्यापर्यंत सुतळी ताणा. ओळंबा सोडला की तो सगळीकडे तळाच्या मधल्या शिवणीवर यायला हवा, आणि प्रत्येक बल्कहेडची मध्यखूण त्याच रेषेखाली.

तपासणी, तीन: कर्ण. नाळेच्या मध्यापासून मागच्या दोन्ही कोपऱ्यांपर्यंतची अंतरं मोजा. दोन-तीन मिलिमीटरचा फरक चालेल. सेंटिमीटरचा असेल तर मागचा ट्रान्सम तिरका बसला आहे.

तपासणी, चार: रुंदी. आराखड्यात दिलेल्या जागी गनेलची रुंदी मोजा आणि तिथे आडवी काठी तात्पुरती बांधून ती रुंदी धरून ठेवा. मोकळं सोडलं तर बाजू हळूहळू बाहेर झुकतात.

चारही बरोबर आल्यावर त्या दिवसाचं काम थांबवा. दुसऱ्या सकाळी सगळं नव्याने मोजा. प्लाय रातोरात सैलावतो आणि पाचरी बसतात. कालचं माप आजही तेच आलं तरच पुढे जा. पिळलेली होडी एका टॅकवर (एका बाजूने वारा घेताना) नीट चालते आणि दुसऱ्यावर रुसते. शिडाच्या दोऱ्या कितीही ओढल्या तरी ते सुधारत नाही.

## ४. आतल्या शिवणी

आधी टाक्यांच्या मधल्या जागेत इपॉक्सीच्या पेस्टचे छोटे ठिपके द्या. ते घट्ट झाले की होडी हलत नाही, आणि पट्ट्यांनी पीळ आणखी एकदा बघता येतो. मग सलग फिलेट भरा.

पेस्टसाठी सिलिका आणि लाकडाची बारीक पूड वापरा. घासायला सोपी म्हणून मिळणारी पांढरी हलकी पूड रंगाआधीच्या भरावासाठी असते, जोड धरण्याइतकी ताकद तिच्यात नसते. पेस्ट शेंगदाण्याच्या लोण्याइतकी दाट हवी, काठी उलटी धरली तरी खाली पडता कामा नये. गोल टोकाच्या काठीने एका ओढीत फिलेट काढा. बाजूला आलेली जास्तीची पेस्ट लगेच खरवडून घ्या. उद्या तिच्यासाठी कानस लागेल.

फिलेट अजून चिकट असतानाच त्यावर फायबरग्लास टेप बसवा. अशा वेळी दोन्ही थर एकमेकांत मिसळून घट्ट होतात आणि मध्ये घासायचं काम उरत नाही. टेप सपाट फळीवर इपॉक्सीत भिजवून गुंडाळी करा आणि शिवणीवर उलगडत जा, नाळेकडच्या अवघड कोपऱ्यात हे फार सोयीचं पडतं. टेप भिजली की पारदर्शक दिसते. त्यावर आणखी इपॉक्सी ओतण्याने ताकद वाढत नाही, होडी जड होते. घरी बांधलेली मिरर वजनाने भारी भरते ती बहुधा इथेच.

सावधान: रात्रभर ठेवलेल्या इपॉक्सीवर मेणचट थर येऊ शकतो. पुढचा कोट देण्याआधी स्वच्छ पाणी आणि भांडी घासायच्या खरबरीत स्पंजाने धुवा, कोरडं करा, मग पॉलिश पेपर मारा. आधी घासलं तर तो थर उलट आत चोळला जातो.

## ५. बल्कहेड, डॅगरबोर्डची पेटी आणि गनेल

बल्कहेड आता कायमचे बसवा, दोन्ही अंगांनी फिलेट आणि टेप लावून. डॅगरबोर्डची पेटी जोडण्याआधी तिच्या आतल्या अंगाला इपॉक्सीचे तीन कोट द्या, कारण नंतर तिथे ब्रश जात नाही. पेटी बंद झाल्यावर पुढे अनेक वर्षं तिथूनच पाणी झिरपत राहिलेल्या होड्या बऱ्याच आहेत. पेटी मध्यरेषेवर आणि ओळंब्यात हवी. ती कलली तर डॅगरबोर्डही कलतो आणि मग पीळ काढायला घातलेले तास वाया गेले.

गनेलच्या पट्ट्या दोन्ही बाजूंना एकदम वाकवा. एक आज आणि दुसरी उद्या असं केलंत तर पहिली पट्टी सांगाड्याला स्वतःकडे ओढते. क्लॅम्प जितके असतील तितके कमी पडतात, शेजाऱ्याकडचे मागून आणा.

## ६. होडी उलटी करून बाहेरचं काम

बाहेर दिसणारी तार कापा, कड रंध्याने गोल करा. धारदार कोपऱ्यावर टेप बसत नाही, खाली हवा राहते. पातळ प्लायवर रंधा जपून चालवा, वरचा थर संपला की आतले आडवे थर उघडे पडतात. नंतर बाहेरची टेप, मागचा स्केग (तळाच्या मध्यावरची उभी पट्टी) आणि तळाच्या घासपट्ट्या, याच क्रमाने.

## ७. टाक्या बंद करण्याआधी

मिररचा तरंगण्याचा भरवसा तिच्या हवाबंद टाक्यांवर आहे, नाळेकडे, मागे आणि दोन्ही बाजूंना. डेक एकदा चिकटला की आत पुन्हा हात जात नाही. म्हणून इथे एक पूर्ण दिवस कुठलंही जोडकाम न करता घालवा.

दोघांनी मिळून होडीभोवती फिरा. एकाने हातात आराखडा घ्यावा आणि नाळेपासून मागेपर्यंत प्रत्येक फिटिंगचं नाव मोठ्याने वाचावं: डोलकाठीच्या ताणदोऱ्यांच्या पट्ट्या, जिबच्या दोरीचं वळण, क्लीट, पाय अडकवायचे पट्टे, सुकाणूच्या बिजागऱ्या, स्पिनेकर (पुढचं फुगणारं मोठं शीड) लावणार असाल तर त्याचे ब्लॉक. दुसऱ्याने त्या जागेखाली लाकडी ठोकळा आहे की नाही ते बोट लावून दाखवावं. ५ मिलिमीटरच्या प्लायमध्ये नुसता स्क्रू पहिल्या जोराच्या वाऱ्यात उपटून निघतो. हे काम मुलांना फार आवडतं आणि त्यांच्या नजरेतून सुटतही कमी.

मग आतून कोट द्या. निदान दोन, प्लायच्या कापलेल्या कडांवर तीन. कोट दुपारनंतर, तापमान उतरत असताना द्या. सकाळी दिला तर हवा तापत जाते, लाकडातली हवा फुगून बाहेर येते आणि कोटात बारीक छिद्रं पडतात. पाणी काढायच्या बुचाचं भोक टाकीच्या खऱ्या तळाशी आहे ना, तेही याच वेळी बघा.

डेक आधी कोरडा बसवून बघा, कड जिथे टेकते तिथे पेन्सिलने रेघ मारा, मगच पेस्ट लावा. पेस्ट सढळ हाताने घाला, या एकाच ठिकाणी कंजुषी महागात पडते.

तपासणी: गळती. आठवड्याने, इपॉक्सी पुरती घट्ट झाल्यावर, बुचाच्या भोकात नळी बसवून तोंडाने हवा फुंका आणि शिवणींवर साबणाचं पाणी लावा. बुडबुडे आले तिथे खूण करा.

सावधान: कॉम्प्रेसर किंवा सायकलचा पंप लावू नका. सपाट प्लायला एवढा दाब सोसत नाही आणि शिवण उघडते. याच कारणाने होडी किनाऱ्यावर उन्हात ठेवताना बुचं नेहमी काढून ठेवा.

## ८. डॅगरबोर्ड, सुकाणू, डोलकाठी

डॅगरबोर्ड आणि सुकाणूच्या कडा नियमात मुभा आहे तेवढ्याच घासा. दोन्ही बाजूंचा आकार सारखा आला का, हे पुठ्ठ्याचा साचा करून बघा. डॅगरबोर्डला रबरी दोरी अडकवायला विसरू नका. होडी उलटल्यावर तो पेटीतून निसटून गेला तर होडी सरळ करायला धरायचं काय?

मूळ मिररचं शीड गंटर पद्धतीचं आहे. डोलकाठी आखूड असते आणि तिच्यावर गॅफ (शिडाची वरची काठी) जवळपास उभा चढतो. त्यामुळे सगळ्या काठ्या होडीच्या लांबीत मावतात आणि गाडीच्या टपावर जातात. गॅफ डोलकाठीला घट्ट चिकटून उभा राहिला पाहिजे. तो मागे झुकला की शिडाच्या वरच्या भागात आडव्या सुरकुत्या पडतात. अशा वेळी लोक शीड बदलायला निघतात. दोष बहुतेकदा गॅफला दोरी बांधायच्या जागेत किंवा ताणणाऱ्या दोरीत असतो, आधी ती ताण न धरणारी जाड दोरी बदला.

## ९. वजन, रंग, मोजणी

रंगाआधी होडी तोला. ४५.५ किलोच्या खाली भरली तर उत्तम, राहिलेलं भरवजन नियमात सांगितलं असेल तिथे लावता येतं. जड भरली तर रंगाचे कोट मोजून द्या. आत पारदर्शक व्हार्निश दिलं तर पुढे पाणी शिरल्याचा काळसर डाग लगेच दिसतो, रंगाखाली तो लपतो. इपॉक्सीला ऊन सोसत नाही, म्हणून व्हार्निश अतिनील किरणं रोखणारंच घ्या.

मोजणी अधिकाऱ्याला शेवटी बोलावण्याऐवजी डेक बसवण्याआधी एकदा फोन करा. शंका असलेली मापं तेव्हा बदलता येतात. प्रमाणपत्र आणि शिडाचा क्रमांक मिळाल्याशिवाय वर्गाच्या शर्यतीत उतरता येत नाही.

## १०. पहिल्यांदा पाण्यात

शर्यतीआधी निदान एक दिवस होडी मुद्दाम उलटवण्यासाठी ठेवा. जागा उथळ पण डोलकाठी चिखलात रुतणार नाही इतकी खोल हवी. वारा ब्यूफोर्ट मापावर २ किंवा ३, म्हणजे १० नॉटपर्यंत. किनाऱ्यावर दुसरी होडी तयार हवी. पोहता येत असलं तरी सगळ्यांनी तरंगजाकीट घालायचं. मुलांचं जाकीट वजनानुसार घ्या, ‘पुढच्या वर्षीही होईल’ म्हणून मोठं घेतलेलं जाकीट पाण्यात वर सरकून तोंडावर येतं.

बाजूच्या टाक्यांमुळे आडवी झालेली होडी पाण्यावर उंच तरंगते आणि लहान मुलाचा हात डॅगरबोर्डपर्यंत पोचत नाही. त्यासाठी गनेलला धरायला दोरी बांधून ठेवा आणि मुलाने एकट्याने होडी सरळ केल्याशिवाय त्याला सुकाणू देऊ नका. परत आल्यावर प्रत्येक टाकीचं बूच काढून पाणी निघतं का ते बघा. कपभर पाणी म्हणजे शिवणीत कुठेतरी छिद्र आहे, पुन्हा साबणाचं पाणी.

## ११. कुटुंब म्हणून शर्यत

मिररमध्ये दोन माणसं असतात. आई किंवा बाबा आणि एक मूल ही नेहमीची जोडी. कोण सुकाणूवर आणि कोण जिबवर हे किनाऱ्यावर ठरवा आणि त्या शर्यतीत बदलू नका. मूल सुकाणूवर असेल तर मोठ्याने सल्ले देणं बंद करावं. वाऱ्यात काय बदल दिसतो आणि आजूबाजूला कोणती होडी येते एवढंच सांगावं, निर्णय मुलाला घेऊ द्यावा. हे बांधणीपेक्षा अवघड जातं.

कुटुंबं होडी चालवायचा सराव करतात, घड्याळाचा नाही. सुरुवातीचा क्रम पाठ हवा: पाच मिनिटं उरली असताना वर्गाचा झेंडा चढतो, चार मिनिटांना तयारीचा झेंडा, एक मिनिट उरलं की तयारीचा उतरतो, शून्याला वर्गाचा उतरतो आणि शर्यत सुरू. झेंडा बघून घड्याळ लावा, आवाज नुसता लक्ष वेधण्यासाठी असतो. त्याआधी सुरुवातीच्या रेषेच्या मध्यावर होडी थेट वाऱ्याकडे तोंड करून उभी करा. नाळ ज्या टोकाकडे कलते, तिकडून सुरुवात केली तर वाऱ्याकडचं अंतर कमी पडतं.

उजवीकडून वारा घेणाऱ्या होडीला डावीकडून वारा घेणाऱ्याने वाट द्यायची, हा नियम मुलांना सगळ्यात आधी शिकवा. शर्यतीच्या मार्गावरच्या बोयाला धक्का लागला तर होडीने स्वतःभोवती एक फेरी घ्यायची, दुसऱ्या होडीशी नियम मोडला तर दोन. फेरी लगेच घ्या. वाद घालत पुढे गेलेली होडी नंतर बाद होते.

क्लबात सगळ्या प्रकारच्या होड्या एकत्र धावतात तेव्हा ब्रिटनमध्ये पोर्ट्समथ यार्डस्टिक (होडीच्या वेगाप्रमाणे वेळ दुरुस्त करायची पद्धत) लावतात. लागलेला वेळ गुणिले १००० भागिले होडीचा आकडा, हा हिशेब. मिररचा आकडा १३९०च्या आसपास असतो, म्हणजे तासाभरात शर्यत संपवली तर हिशेबात ४३ मिनिटं धरतात. मोठ्या वेगवान होड्या पुढे निघून गेल्या म्हणून मुलं हिरमुसतात, तेव्हा हा भागाकार त्यांनाच करू द्या. आकडे दर वर्षी बदलू शकतात, क्लबच्या फलकावर लावलेली चालू यादीच वापरा.